राजाच्या कोटावर नसलेला तारा

डेन्मार्कचे राजे दहावे ख्रिश्चन यांनी नाझींना आव्हान देण्यासाठी ज्यूंचा पिवळा तारा आपल्या कोटावर लावला, ही कथा जगभर सांगितली जाते. चित्रफिती आणि कागदपत्रे वेगळीच हकीकत सांगतात. ती तितकी नाट्यमय नाही, पण तिच्यातून शिकण्यासारखे अधिक आहे.

कोपनहेगनचा एक रस्ता. गणवेशातील एक उंच, सडपातळ, सत्तरीचा गृहस्थ घोड्यावरून सावकाश चालला आहे. पुढे-मागे शरीररक्षक नाहीत. सायकलवरून जाणारे लोक थोडे बाजूला होतात, टोप्या उंचावतात, काही जण घोड्याच्या बरोबरीने चालू लागतात. घोडेस्वार सलाम स्वीकारतो आणि पुढे जातो. दुसऱ्या महायुद्धातील डेन्मार्कविषयीचा क्वचितच एखादा माहितीपट असेल, ज्यात हे दृश्य नाही. घोड्यावरचे गृहस्थ म्हणजे राजे दहावे ख्रिश्चन आणि काळ आहे जर्मन ताब्याचा.

याच दृश्याला एक दंतकथा चिकटली आहे. जर्मनांनी डेन्मार्कमधील ज्यूंना पिवळा तारा लावण्याचा हुकूम दिला. दुसऱ्या दिवशी राजे स्वतःच्या कोटावर तो तारा लावून नेहमीप्रमाणे घोड्यावरून फिरायला निघाले. ते पाहून साऱ्या प्रजेने तारे लावले आणि जर्मनांचा हुकूम फोल ठरला, अशी ती कथा. अमेरिकी लेखक लिऑन युरिस यांच्या १९५८ साली प्रसिद्ध झालेल्या 'एक्झोडस' या कादंबरीने ती घरोघरी पोहोचवली. प्रवचनांत, व्याख्यानांत आणि नेतृत्वगुणांवरील पुस्तकांत ती आजही दाखल्यादाखल दिली जाते.

राजांची चित्रफीत खरी आहे. तारा खरा नाही. डेन्मार्कमध्ये ज्यूंवर पिवळ्या ताऱ्याची सक्ती कधी झालीच नाही. त्यामुळे तिला विरोध म्हणून राजांनी तारा लावण्याचा प्रसंगही आला नाही. मग ही कथा जन्माला कशी आली आणि तिच्या आड काय झाकले गेले, हे समजून घ्यायचे तर थोडे मागे जावे लागते.

पांढरा घोडा आणि पडद्याबाहेरचे राजकारण

२६ सप्टेंबर १८७० रोजी जन्मलेले ख्रिश्चन १९१२ च्या मे महिन्यात गादीवर आले. चित्रपटकलेने नुकतेच बाळसे धरले होते आणि त्या काळात डेन्मार्कचा चित्रपट उद्योग युरोपात आघाडीवर होता. साहजिकच या राजांच्या कारकिर्दीतील अनेक मोठे प्रसंग कॅमेऱ्याने टिपले. त्यातील सर्वांत गाजलेला प्रसंग १० जुलै १९२० चा.

१८६४ च्या युद्धात डेन्मार्कने श्लेस्विग हा प्रांत गमावला होता. पहिल्या महायुद्धात जर्मनीचा पराभव झाल्यावर तेथे सार्वमत घेण्यात आले. १० फेब्रुवारी १९२० रोजी प्रांताच्या उत्तर भागातील सुमारे ७५ टक्के मतदारांनी डेन्मार्कच्या बाजूने कौल दिला. तर १४ मार्चला मधल्या भागातील सुमारे ८० टक्के मतदारांनी जर्मनी पसंत केली. उत्तरेचा भाग परत मिळाल्यावर राजे शुभ्र घोड्यावर बसून जुनी सीमारेषा ओलांडून गेले. दोन्ही बाजूंना लोटलेली माणसे, फडकणारे ध्वज आणि मधून जाणारा पांढरा घोडा हे दृश्य डॅनिश जनमानसावर कायमचे कोरले गेले.

मात्र त्याआधी अवघे साडेतीन महिने याच राजांचे सिंहासन डळमळले होते, हे ती चित्रफीत सांगत नाही. मधल्या भागातील फ्लेन्सबोर्ग हे शहर मतदारांचा कौल विरोधात असूनही डेन्मार्कला मिळावे, असे राजांना वाटत होते. पंतप्रधान कार्ल थिओडोर झाले सार्वमताला बांधील राहिले. २९ मार्च १९२० रोजी राजांनी त्यांचे सरकार बडतर्फ केले. सार्वत्रिक संपाची हाक आणि प्रजासत्ताकाच्या घोषणा ऐकू येताच त्यांना माघार घ्यावी लागली. डॅनिश इतिहासात हा प्रसंग 'ईस्टरचा पेचप्रसंग' म्हणून ओळखला जातो. त्यानंतर डेन्मार्कच्या कोणत्याही राजाने संसदेला डावलून सरकार बरखास्त केलेले नाही.

पांढऱ्या घोड्याचे दृश्य खोटे नव्हते. कॅमेऱ्यासमोर जे घडले तेच त्याने टिपले. पण आधी काय घडले आणि पडद्याबाहेर काय चालले आहे, हे मूक चित्रफीत सांगू शकत नाही. ती पोकळी पाहणारा आपल्या मनातून भरतो. वीस वर्षांनंतर नेमके हेच झाले.

ताबा आणि रोजची रपेट

९ एप्रिल १९४० च्या पहाटे जर्मन फौजा डेन्मार्कमध्ये घुसल्या. राजधानीवर बॉम्बफेकी विमाने घिरट्या घालू लागली आणि काही तासांतच राजे व सरकारने प्रतिकार थांबवला. शेजारच्या नॉर्वेत दहाव्या ख्रिश्चन यांचे सख्खे धाकटे बंधू सातवे होकॉन राज्य करत होते. त्यांनी शरणागती नाकारली, जूनपर्यंत लढा दिला आणि नंतर लंडन गाठले. थोरले बंधू राजधानीतच राहिले.

डेन्मार्कच्या अंतर्गत कारभारात ढवळाढवळ करणार नाही, असे आश्वासन जर्मनीने दिले होते. त्यामुळे राजे, संसद, सरकार, न्यायालये आणि पोलीस जागच्या जागी राहिले. मार्च १९४३ मध्ये तर संसदेची निवडणूकही झाली. या मोबदल्यात डेन्मार्कचे शेतीउत्पादन जर्मनीला जात होते आणि सरकार एकामागून एक मागण्या मान्य करत होते. याला 'सहकार्याचे धोरण' असे नाव पडले.

या कोंडीत राजांनी आपली जुनी सवय सोडली नाही. ते रोज सकाळी घोड्यावर बसून आमालियनबोर्ग राजवाड्यातून बाहेर पडत. रस्त्यातील डॅनिश नागरिकांच्या अभिवादनाला ते प्रतिसाद देत. जर्मन सैनिकांच्या सलामाकडे मात्र त्यांची नजर वळत नसे, असे सांगितले जाई. राजांना शरीररक्षक का नाहीत, या एका जर्मन सैनिकाच्या प्रश्नावर 'आम्ही सगळेच त्यांचे शरीररक्षक' असे उत्तर मिळाल्याचा किस्साही तेव्हापासून प्रचलित आहे. तो शब्दशः घडला की नाही, याला फारसे महत्त्व नाही. लोकांना तो सांगावासा वाटला, ही त्या काळाची मनःस्थिती होती.

त्या काळात छातीवर एक चिन्ह खरोखरच झळकत होते. २६ सप्टेंबर १९४० रोजी राजांना ७० वर्षे पूर्ण झाली. त्यानिमित्त जॉर्ज येन्सन या प्रसिद्ध रौप्यकारागिरी संस्थेने आर्नो मालिनोव्स्की यांनी रेखाटलेले छोटे पदक तयार केले. मुकुट, राजांच्या नावाची आद्याक्षरे आणि राष्ट्रध्वजाचे लाल-पांढरे रंग असलेले हे 'राजचिन्ह' लोकांनी कोटाच्या कॉलरवर अभिमानाने मिरवले. ना शस्त्र, ना घोषणा. तरीही जर्मन शिपायाला अर्थ कळावा, असे हे निषेधाचे रूप होते. दंतकथेत राजा प्रजेचे चिन्ह लावतो. प्रत्यक्षात प्रजेने राजाचे चिन्ह लावले होते.

एक तार, एक अपघात

१९४२ च्या वाढदिवसाला हिटलरने राजांना लांबलचक शुभेच्छा-तार पाठवली. उत्तरादाखल राजांनी आभाराचे एक वाक्य आणि सही एवढेच पाठवले. प्रथेनुसार ते पुरेसे होते, पण हिटलर संतापला. जर्मन राजदूताला माघारी बोलावण्यात आले आणि डॅनिश राजदूताची बर्लिनमधून पाठवणी झाली. नोव्हेंबरात नाझी राजवटीतील बडे अधिकारी वर्नर बेस्ट सर्वाधिकारी म्हणून कोपनहेगनला आले, तर परराष्ट्रमंत्री एरिक स्कावेनियस यांना जर्मनांच्या आग्रहावरून पंतप्रधान करण्यात आले.

या गदारोळातच, १९ ऑक्टोबर १९४२ रोजी, रपेटीच्या वेळी राजे घोड्यावरून पडले. दुखापत गंभीर होती. पाठोपाठ न्यूमोनियाही झाला. अनेक महिने युवराज फ्रेडरिक यांनी कारभार पाहिला. राजे वाचले, पण पुढील आयुष्यात ते बव्हंशी परावलंबीच राहिले. रोजची रपेट कायमची थांबली.

ही तारीख महत्त्वाची आहे. डेन्मार्कमधील ज्यूंवर प्रत्यक्ष घाला आला तो ऑक्टोबर १९४३ मध्ये. दंतकथेतील घोडेस्वार त्याच्या वर्षभर आधीच रस्त्यावरून दिसेनासा झाला होता.

ताऱ्याची कथा कोठून आली?

कथेच्या मुळाशी अगदीच काही नव्हते, असे मात्र नाही. सप्टेंबर १९४१ मध्ये जर्मनीने आपल्या हद्दीतील ज्यूंवर पिवळ्या ताऱ्याची सक्ती केली. त्याच महिन्यात राजांनी आपल्या रोजनिशीत एक नोंद केली. अशी मागणी आपल्याकडेही येऊ शकते. पण डॅनिश नागरिकांना राज्यघटनेचे संरक्षण असल्याने ती मान्य करता येणार नाही. आणि ती आलीच, तर सर्वांनीच तारा लावणे हे उत्तम उत्तर ठरेल, असा त्या नोंदीचा आशय आहे. रोजनिशी खासगी होती. विचार मात्र कोठून तरी बाहेर पाझरला असावा.

जानेवारी १९४२ मध्ये स्वीडनमधील गोथेनबर्गच्या एका नाझीविरोधी दैनिकात नॉर्वेजियन व्यंगचित्रकार राग्नवाल्ड ब्लिक्स यांचे चित्र प्रसिद्ध झाले. ज्यूंना तारे लावायला सांगितले तर काय करायचे, असे पंतप्रधान थॉरवाल्ड स्टाउनिंग त्यात राजांना विचारतात. मग आपण सर्वांनीच तारे लावू, असे राजे उत्तर देतात. स्वीडन तटस्थ असल्याने तेथील मजकूर बाहेर पोहोचत असे. कानोकानी जाताना 'लावू' या भविष्यकाळाचा 'लावला' असा भूतकाळ झाला. रपेटीची छायाचित्रे तर जगाने पाहिलेली होतीच. शिवाय आपला देश हिटलरचा साथीदार नाही, हे मित्रराष्ट्रांना पटवणे अमेरिकेतील डॅनिश मंडळींना अत्यंत गरजेचे वाटत होते. कथेला घोडा मिळाला, मग ती थांबली नाही.

ऑक्टोबर १९४३ : खरी हकीकत

१९४३ च्या उन्हाळ्यात संप आणि घातपाताच्या कारवाया वाढल्या. घातपात करणाऱ्यांना देहदंड द्यावा, ही जर्मनांची मागणी सरकारने फेटाळली. २९ ऑगस्टला लष्करी कायदा पुकारण्यात आला, सरकारने काम थांबवले आणि डॅनिश नौदलाने आपली जहाजे जर्मनांच्या हाती पडू नयेत म्हणून स्वतःच बुडवली. राजे सोर्गेनफ्री राजवाड्यात जवळजवळ नजरकैदेत होते. ज्यूंचे संरक्षक कवच गळून पडले.

अटकसत्राची बातमी फोडली ती एका जर्मनानेच. जर्मन दूतावासातील नौवहन अधिकारी गेओर्ग फर्डिनांड डुकविट्झ यांनी २८ सप्टेंबरला सोशल डेमोक्रॅटिक पक्षाचे नेते हान्स हेडटॉफ्ट यांना सावध केले. दुसऱ्या दिवशी सकाळी धर्मगुरू मार्कस मेल्खिऑर यांनी कोपनहेगनच्या सिनेगॉगमध्ये जमलेल्यांना ज्यू नववर्षाच्या सणाला घरी न थांबता लपून राहण्यास सांगितले. निरोप शेजाऱ्यांकडून, डॉक्टरांकडून, टॅक्सीचालकांकडून घराघरांत पोहोचला. १ ऑक्टोबरच्या रात्री पथके दारांवर थडकली तेव्हा बहुतेक घरे रिकामी होती. देशभरात त्या रात्री तीनशेहून कमी लोक हाती लागले.

पुढील काही आठवड्यांत सुमारे ७,२०० ज्यू आणि त्यांचे जवळपास ७०० बिगर-ज्यू नातलग मासेमारी नौकांतून ओरेसुंड सामुद्रधुनी ओलांडून स्वीडनला पोहोचले. रुग्णालयांनी त्यांना रुग्ण म्हणून दडवले, चर्चनी आसरा दिला. ३ ऑक्टोबरच्या रविवारी बिशप फुग्लसांग-डामगार्ड यांचे निषेधपत्र चर्चमधून वाचले गेले. स्वीडनने उघडपणे आश्रय देऊ केला नसता, तर हे शक्य नव्हते. काही जर्मन अधिकाऱ्यांनी समुद्राकडे केलेली डोळेझाकही कामी आली.

या हकीकतीलाही काळ्या बाजू आहेत. नौका पकडली गेली तर कोळ्यांचे सर्वस्व जाणार होते, हे खरे. परंतु अनेकांनी त्यासाठी मोठ्या रकमा घेतल्या. गिलेलाय या किनाऱ्यावरील गावात चर्चच्या माळ्यावर लपलेले सुमारे ८० जण पकडले गेले. काही जण समुद्रात बुडाले.

या सर्वांत राजांचा वाटा कोणता? अटकसत्राची कुणकुण लागताच त्यांनी वर्नर बेस्ट यांना निषेधाचे पत्र पाठवले. त्या पत्राने कारवाई थांबली नाही. आजारी, अधिकार गमावलेल्या राजाच्या हाती तेवढेच होते, आणि ते त्यांनी केले.

कॅमेरा जेव्हा खोटे बोलतो

पकडले गेलेले सुमारे ४७० ज्यू चेक भूमीवरील टेरेझिनश्टाट छावणीत पाठवण्यात आले. डॅनिश सरकारी यंत्रणेने त्यांचा पाठपुरावा सोडला नाही. अखेर २३ जून १९४४ रोजी रेडक्रॉसच्या शिष्टमंडळाला छावणी पाहण्याची परवानगी मिळाली. त्यात डेन्मार्कचे प्रतिनिधीही होते. त्यासाठी नाझींनी छावणीची रंगरंगोटी केली, बागा फुलवल्या आणि गर्दी कमी दिसावी म्हणून हजारो कैद्यांना आधीच ऑशविट्झला धाडले.

त्याच उन्हाळ्याच्या अखेरीस तेथे एक प्रचारपट चित्रित झाला. दिग्दर्शनाचे काम सोपवले होते कैदेत असलेले ज्यू अभिनेते कुर्ट गेरॉन यांच्यावर. पडद्यावर फुटबॉलचा सामना, संगीताची मैफल, हसरे चेहरे दिसतात. चित्रीकरण संपल्यावर गेरॉन यांना ऑशविट्झला नेऊन ठार करण्यात आले. या चित्रपटाचे आज केवळ तुकडे उरले आहेत.

कोपनहेगनची रपेट आणि टेरेझिनश्टाटचा प्रचारपट शेजारी ठेवले की जुन्या चित्रफितींकडे कसे पाहावे, याचा धडा मिळतो. पहिल्यात दृश्य खरे आहे आणि त्याभोवती रचलेली कथा खोटी. दुसऱ्यात माणसे खरी आहेत, पण दृश्यच रचलेले. दोन्हींचा अर्थ लावायला चित्रफितीबाहेरचा पुरावा लागतो. तो तारखांतून, पत्रांतून, नोंदवह्यांतून आणि साक्षींतून मिळतो.

दंतकथेने काय झाकले?

पिवळ्या ताऱ्याची कथा निरुपद्रवी वाटते. तिने भल्या माणसाला थोडे अधिक भले दाखवले, त्यात बिघडले काय, असे कोणी विचारील. पण तिचे नुकसान दुहेरी आहे.

पहिले नुकसान श्रेयाचे. रातोरात निरोप पोहोचवणारे, घर उघडून देणारे, नौका हाकणारे हजारो लोक एका घोडेस्वाराच्या सावलीत जातात. धैर्य हे वरून खाली येते, राजाने तारा लावला की प्रजा लावते, अशी समजूत त्यातून रुजते. ऑक्टोबर १९४३ मध्ये घडले ते नेमके उलट. वरची सत्ता कोसळली असताना सामान्यांनी एकमेकांना हाक दिली.

दुसरे नुकसान प्रश्नांचे. तारा मनात ठसला की सहकार्याच्या धोरणाविषयी कोणी विचारत नाही. राज्यघटना नागरिकांचे रक्षण करील, असे राजे रोजनिशीत लिहीत होते, त्याच्या काही आठवडे आधी, ऑगस्ट १९४१ मध्ये, त्याच देशाच्या संसदेने कम्युनिस्ट पक्षावर बंदी घातली होती आणि डॅनिश पोलिसांनी कम्युनिस्टांची धरपकड केली होती. त्यातील सुमारे १५० जणांना ऑक्टोबर १९४३ च्या त्याच कारवाईत जर्मनांनी श्टुटहोफ छावणीत नेले. युद्धाच्या पहिल्या वर्षांत डॅनिश अधिकाऱ्यांनी काही देशविहीन ज्यू निर्वासितांना जर्मनीच्या हवाली केले होते.

टीका उशिरा सुरू झाली, असेही नाही. थिओडोर क्रिस्टेन्सन यांच्या १९४६ च्या 'देट गेल्डर दिन फ्रीहेड' (हा तुमच्या स्वातंत्र्याचा प्रश्न आहे) या माहितीपटाने ताब्याच्या काळातील चित्रीकरण वापरून राजकारण्यांच्या पडखाऊपणावर बोट ठेवले होते. सरकारी पातळीवर मात्र बराच काळ जावा लागला. २९ ऑगस्ट २००३ रोजी, म्हणजे सरकारने काम थांबवल्याला ६० वर्षे झाली त्या दिवशी, तत्कालीन पंतप्रधान आनर्स फॉ रासमुसेन यांनी सहकार्याच्या धोरणावर नैतिक ठपका ठेवला. मे २००५ मध्ये त्यांनी निर्वासितांच्या हस्तांतराबद्दल देशाच्या वतीने क्षमा मागितली.

शवपेटीवरची पट्टी

४ मे १९४५ च्या संध्याकाळी बीबीसीच्या डॅनिश प्रसारणातून जर्मन शरणागतीची बातमी आली. ९ मे रोजी राजांनी संसदेचे अधिवेशन सुरू केले. २० एप्रिल १९४७ रोजी त्यांचे निधन झाले. दर्शनासाठी ठेवलेल्या त्यांच्या शवपेटीवर डॅनिश प्रतिकार चळवळीतील कार्यकर्ते दंडावर बांधत, तशी कापडी पट्टी ठेवण्यात आली होती. त्यांना मिळालेले हे चिन्ह खरे होते आणि ते इतरांनी दिलेले होते. रोस्किल्डच्या कॅथेड्रलमध्ये त्यांचे दफन झाले. १९५४ पासून कोपनहेगनच्या सांक्त अॅने चौकात त्यांचा अश्वारूढ पुतळा उभा आहे.

जर्मन ताब्याच्या काळातच, १९४१ साली, कोपनहेगनमध्ये चित्रपटांचे संग्रहालय स्थापन झाले होते. तो वारसा आज डॅनिश फिल्म इन्स्टिट्यूटकडे आहे. संस्थेने जुन्या चित्रफितींचे अंकीकरण करून त्या मोठ्या प्रमाणावर संकेतस्थळावर खुल्या केल्या आहेत. ज्याला शंका आहे, त्याला राजांच्या काळातील डेन्मार्क आता स्वतःच्या डोळ्यांनी पाहता येतो.

ताऱ्याच्या कथेचा सर्वांत ठाम इन्कार राजघराण्यातूनच झाला, ही लक्षणीय गोष्ट आहे. जर्मन आक्रमणानंतर अवघ्या आठवड्याने, १६ एप्रिल १९४० रोजी जन्मलेल्या आणि १९७२ ते २०२४ या काळात राज्य केलेल्या राणी दुसऱ्या मार्गारेट या दहाव्या ख्रिश्चन यांच्या नात. आजोबांनी तारा लावल्याची कथा सुंदर असली तरी खरी नाही आणि देशासाठी दंतकथेपेक्षा सत्यच अधिक गौरवाचे आहे, असे त्यांनी स्पष्टपणे सांगितले आहे. आपल्या घराण्याच्या पदरात आयती पडलेली कीर्ती त्यांनी अशा रीतीने परत केली. तिचे खरे हक्कदार ज्या नौकांतून निघाले होते, त्या रात्रीच्या अंधारात समुद्र ओलांडत होत्या आणि त्यांचे चित्रीकरण करायला तेथे फारसे कोणी नव्हते.